दलित स्त्रिया वेगळे बोलतात. मग इतरांनी काय करायचे? : शर्मिला रेगे यांची मांडणी

१/ १९९५ साली गोपाळ गुरू यांनी एका गाजलेल्या लेखात दाखवून दिले की दलित स्त्रिया वेगळे बोलतात, कारण त्यांच्या वाट्याला आलेले वास्तवच वेगळे आहे. १९९८ साली पुण्याच्या समाजशास्त्रज्ञ शर्मिला रेगे (१९६४–२०१३) यांनी तोच धागा पुढे नेला आणि प्रश्न इतरांकडे वळवला.

२/ पार्श्वभूमी अशी. १९७० नंतरच्या स्त्रीमुक्ती चळवळीत ‘स्त्री’ म्हटले की बहुधा सवर्ण, मध्यमवर्गीय स्त्री डोळ्यांपुढे येई. दलित चळवळीत ‘दलित’ म्हटले की पुरुष. दलित स्त्री दोन्हीकडे निसटत होती.

३/ रेगे यांचा आक्षेप मार्मिक होता. ‘त्यांचे वेगळे आहे’ असे म्हणून थांबले, की जात हा केवळ दलित स्त्रियांचा प्रश्न ठरतो आणि बाकीचे जबाबदारीतून मोकळे होतात. म्हणून त्यांनी ‘दलित स्त्रीवादी भूमिदृष्टी’ मांडली: समाजाकडे दलित स्त्रीच्या जागेवरून पाहावे. बिगरदलितांनी तिच्या वतीने बोलू नये. तिच्याकडून शिकून स्वतःला बदलावे.

४/ या विचाराची मुळे त्यांना फुले-आंबेडकरांत दिसली. १९१६ साली, वयाच्या पंचविसाव्या वर्षी, आंबेडकरांनी न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात निबंध वाचला. सती, सक्तीचे वैधव्य आणि बालविवाह या प्रथा जातीअंतर्गत विवाहाची चौकट टिकवण्यासाठी आल्या, असे त्यात प्रतिपादन होते. स्त्रीवरील नियंत्रणाशिवाय जात टिकत नाही, हे सूत्र रेगे यांनी स्त्री-अभ्यासाच्या केंद्रस्थानी आणले.

५/ २००६ च्या ग्रंथात त्यांनी बेबी कांबळे, शांताबाई कांबळे, कुमुद पावडे, ऊर्मिला पवार आदींची आत्मकथने अभ्यासली. ही केवळ दुःखाची कैफियत नसून समाजाचे विश्लेषण आहे, असा त्यांचा आग्रह होता. दलितांकडे अनुभव आणि इतरांकडे सिद्धान्त, ही जुनी वाटणीच त्यांनी नाकारली.

६/ हीच कसोटी त्यांनी वर्गालाही लावली. पुणे विद्यापीठाच्या क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले स्त्री अभ्यास केंद्रात २००९ साली दलितांच्या अन्नाच्या आठवणींचे व पाककृतींचे पुस्तक तयार झाले. ‘भारतीय ताट’ म्हणून मिरवणाऱ्या ताटात कोणाचे अन्न नसते, हा त्याचा प्रश्न. ज्या अन्नाची घराबाहेर लाज वाटायला लावली जाते, तेच येथे अभ्यासाचे साधन झाले.

७/ २०१० साली त्यांनी अध्यापनावर लेख लिहिला. त्याच्या शीर्षकात फुल्यांच्या १८५५ मधील नाटकाचे नाव आहे: ‘तृतीय रत्न’. विद्यार्थी सक्षम करायचा म्हणजे त्याला तयार ज्ञान द्यायचे, एवढाच अर्थ त्यांना मान्य नव्हता. त्याने घरून, वस्तीतून, बोलीतून आणलेले ज्ञान अभ्यासक्रमात मोजले जाते का, हे त्या विचारत.

८/ १३ जुलै २०१३ रोजी, अवघ्या ४८ व्या वर्षी, त्यांचे निधन झाले. ब्राह्मणी पितृसत्तेवरील आंबेडकरांच्या लेखनाचे त्यांनी केलेले संपादन त्याच वर्षीचे. आज विद्यापीठांत प्रथमच पोहोचणाऱ्या पिढीसाठी त्यांचा प्रश्न अजून खुला आहे: वर्गात कोणाचे बोलणे ‘अनुभव’ म्हणून ऐकले जाते आणि कोणाचे ‘विचार’ म्हणून?