पांचो व्हिला : आशियाचा पहिला जगज्जेता मुष्टियोद्धा

व्यावसायिक मुष्टियुद्धात जगज्जेतेपद मिळविणारा पहिला आशियाई खेळाडू म्हणून फिलिपिन्सच्या पांचो व्हिला याचे नाव घेतले जाते. १८ जून १९२३ रोजी न्यूयॉर्कच्या पोलो ग्राउंड्स मैदानावर त्याने वेल्सच्या जिमी वाइल्डला सातव्या फेरीत नॉकआउट करून फ्लायवेट गटाचे जगज्जेतेपद पटकावले. त्यानंतर अवघ्या दोन वर्षांनी, १४ जुलै १९२५ रोजी, सॅन फ्रान्सिस्को येथे त्याचे निधन झाले. त्या वेळी त्याला चोविसावे वर्षही पूर्ण झालेले नव्हते. जगज्जेतेपद अखेरपर्यंत त्याच्याकडेच होते आणि ते त्याच्याकडून कोणत्याही प्रतिस्पर्ध्याने हिरावून घेतले नाही. त्याचा अंत एका दुखऱ्या दाढेमुळे झाला.

फ्लायवेट या गटाची कमाल वजनमर्यादा ११२ पौंड, म्हणजे सुमारे ५०.८ किलो. भारतीय वाचकांना हा गट मेरी कोमच्या कामगिरीमुळे परिचित आहे. २०१२ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये तिने ५१ किलो गटात कांस्यपदक मिळविले होते. व्हिलाची उंची जेमतेम पाच फूट एक इंच होती. एरवी अंगकाठीमुळे मागे पडणाऱ्या माणसाला वजनगटांची पद्धत बरोबरीचा प्रतिस्पर्धी मिळवून देते. कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव यांनी १९५२ मध्ये हेलसिंकी येथे कुस्तीत मिळविलेले ऑलिंपिक पदकही बँटमवेट या हलक्या गटातीलच होते. तथापि विसाव्या शतकाच्या आरंभी मुष्टियुद्धातील पैसा आणि प्रसिद्धी हेवीवेट मल्लांभोवतीच फिरत असे. हलक्या गटातील खेळाडूला प्रेक्षक खेचून आणायचे तर त्याला अधिक वेगाने आणि अधिक वेळा लढावे लागे. आपल्या छोट्या कारकिर्दीत व्हिला शंभराहून अधिक लढती खेळला, यावरून त्या काळाची कल्पना यावी.

इलोगहून मनिलाकडे

व्हिलाचे मूळ नाव फ्रान्सिस्को गिलेडो. त्याचा जन्म १ ऑगस्ट १९०१ रोजी नेग्रोस बेटावरील इलोग या गावी झाला. तो तान्हा असतानाच वडील कुटुंबाला सोडून गेले. आईने त्याला वाढविले, आणि त्याचे बालपण शेळ्या राखण्यात गेले. वयाच्या अकराव्या वर्षाच्या सुमारास तो शेजारच्या पनाय बेटावरील इलोइलो या बंदराच्या शहरी गेला व तेथे बूटपॉलिश करू लागला. तेथेच त्याची एका मुष्टियोद्ध्याशी ओळख झाली आणि त्याच्यासोबत तो मनिलात येऊन तोंडो या कष्टकऱ्यांच्या वस्तीत राहू लागला.

या मुलाच्या हाती मुष्टियुद्धाचे ग्लोव्ह्ज कसे आले, याचे उत्तर फिलिपिन्सच्या राजकीय इतिहासात आहे. १८९८ मध्ये स्पेनचा पराभव करून अमेरिकेने ही बेटे ताब्यात घेतली. अमेरिकन सैनिकांनी आपल्या छावण्यांत हा खेळ आणला आणि तेथून तो मनिलाच्या गल्ल्यांत पसरला. भारतातही मुष्टियुद्ध ब्रिटिश पलटणींच्या छावण्यांमार्गेच आले, परंतु येथे ते प्रामुख्याने सैन्य, रेल्वे आणि काही शाळांपुरते राहिले. मनिलात मात्र त्याचा व्यवसाय झाला. फ्रँक चर्चिल आणि टेट बंधू या अमेरिकन प्रवर्तकांनी तेथे नियमित लढती भरविल्या, तिकिटे विकली आणि स्थानिक मुलांना थोड्याशा बिदागीवर रिंगणात उतरविले.

फ्रान्सिस्कोने १९१९ मध्ये व्यावसायिक लढतींना प्रारंभ केला. त्याच काळात त्याने पांचो व्हिला हे नाव धारण केले. हे नाव कोठून आले याविषयी दोन मते आढळतात. मनिलातील पाकितो व्हिला या मुष्टियुद्ध संघचालकाने त्याला मुलासारखे सांभाळले म्हणून, असे एक मत. तर मेक्सिकोचा गाजलेला क्रांतिकारक पांचो व्हिला याच्यावरून प्रवर्तकांनी ते ठेवले, असे दुसरे. योगायोग असा की, फिलिपिनो पांचो व्हिला जगज्जेता झाल्यानंतर महिनाभरातच, २० जुलै १९२३ रोजी, मेक्सिकोच्या पांचो व्हिलाची हत्या झाली.

दोन-तीन वर्षांतच व्हिलाला फिलिपिन्समध्ये तुल्यबळ प्रतिस्पर्धी उरला नाही. त्याची शैली आक्रमक होती. घंटा वाजताच तो पुढे सरसावे आणि दोन्ही हातांनी ठोशांचा असा वर्षाव करी की, समोरच्याला आपला डाव मांडायला उसंतच मिळत नसे. बचाव ही त्याची जमेची बाजू नव्हती. तरीही संपूर्ण कारकिर्दीत त्याला कोणीही नॉकआउट करू शकले नाही.

अमेरिकेतील पहिले वर्ष

१९२२ मध्ये चर्चिल त्याला अमेरिकेत घेऊन गेला. न्यूयॉर्क राज्याने १९२० मध्ये नवा कायदा करून मुष्टियुद्धाला रीतसर मान्यता दिली होती आणि या खेळातील पैसा तेथे एकवटू लागला होता. व्हिलाची सुरुवात मात्र नामुष्कीची झाली. जर्सी सिटी येथे एबे गोल्डस्टीन आणि फ्रँकी जेनारो यांच्याविरुद्ध झालेल्या लढतींत वृत्तपत्रांनी कौल प्रतिस्पर्ध्यांच्या बाजूने दिला. येथे ‘वृत्तपत्रांनी’ हा शब्द शब्दशः घ्यावयाचा आहे. न्यू जर्सीसारख्या काही राज्यांत तेव्हा लढत नॉकआउटने संपली नाही, तर पंचांनी विजेता घोषित करू नये असा दंडक होता. मग रिंगणाशेजारी बसलेले क्रीडा प्रतिनिधी दुसऱ्या दिवशीच्या अंकात आपले मत छापत, आणि पैजांचे पैसेही त्यावरच चुकते होत.

सप्टेंबर १९२२ मध्ये ब्रुकलिनच्या एबेट्स फील्डवर व्हिलाने जॉनी बफला अकराव्या फेरीत नॉकआउट करून अमेरिकन फ्लायवेट अजिंक्यपद मिळविले. बफ हा काही महिन्यांपूर्वीपर्यंत वरच्या बँटमवेट गटाचा जगज्जेता होता, त्यामुळे या निकालाने व्हिलाकडे सर्वांचे लक्ष गेले. परंतु १ मार्च १९२३ रोजी मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये जेनारोने पंधरा फेऱ्यांच्या लढतीत गुणांवर मात करून ते अजिंक्यपद काढून घेतले. जेनारो हा १९२० च्या अँटवर्प ऑलिंपिकचा सुवर्णपदक विजेता. व्हिलाच्या धडाक्याला शांतपणे उत्तर देण्याची हातोटी त्याच्याकडे होती, आणि हा एक प्रतिस्पर्धी व्हिलाला कधी पेलला नाही, हे मान्य करावेच लागेल.

असे असतानाही जगज्जेत्या वाइल्डशी लढण्याची संधी जेनारोऐवजी व्हिलाला मिळाली. जेनारोने मागितलेली रक्कम प्रवर्तकांना जास्त वाटली. शिवाय, हरला तरी प्रेक्षकांना खुर्चीवरून उठविणारा खेळाडू व्हिला होता, हे प्रवर्तक जाणून होते.

वाइल्डवर विजय

जिमी वाइल्ड हा वेल्सच्या कोळसा खाणीत काम केलेला, दिसायला अत्यंत किरकोळ परंतु विलक्षण जोरकस ठोशांचा खेळाडू. १९१६ पासून तो जगज्जेता होता. ऐन भरातही त्याचे वजन फ्लायवेटच्या मर्यादेपेक्षा बरेच कमी असे. मात्र व्हिलासमोर उभा राहिला तेव्हा तो ३१ वर्षांचा होता आणि जानेवारी १९२१ मध्ये पीट हर्मनकडून पराभूत झाल्यापासून तो रिंगणात उतरलेला नव्हता.

लढतीत पहिल्यापासून व्हिलाचे वर्चस्व राहिले. दुसऱ्या फेरीच्या शेवटी त्याचा एक ठोसा वाइल्डला घंटेनंतर बसला, अशी तक्रार झाली. त्या ठोशाने वाइल्ड कोसळला आणि त्यातून तो पुरता सावरला नाही. वाइल्डच्या चाहत्यांना हा आक्षेप नंतरही महत्त्वाचा वाटत राहिला. परंतु पुढच्या चार फेऱ्यांत वाइल्डने पत्करलेला मार पाहता, निकाल त्या एका ठोशावर अवलंबून होता असे म्हणणे कठीण आहे. डोळे सुजलेल्या अवस्थेतही तो माघार घेत नव्हता. सातव्या फेरीत व्हिलाच्या उजव्या ठोशाने तो तोंडघशी पडला. त्यानंतर वाइल्ड पुन्हा कधीही लढला नाही.

या विजयाचा अर्थ फिलिपिनो लोकांसाठी क्रीडेपुरता मर्यादित नव्हता. ते अमेरिकेच्या अमलाखाली होते, पण अमेरिकेचे नागरिक नव्हते. हवाईतील उसाच्या मळ्यांत आणि कॅलिफोर्नियातील शेतांवर हजारो फिलिपिनो तरुण अल्प मजुरीवर राबत होते. अनेक हॉटेले आणि वस्त्यांची दारे त्यांना बंद होती. अशा वेळी आपल्यातला एक, तोही शेळ्या राखणारा मुलगा, न्यूयॉर्कच्या मैदानात जगज्जेता ठरला होता. व्हिला आपला पैसा हातचा न राखता खर्च करी. उंची कपडे आणि सभोवती मित्रांचा गोतावळा ही त्याची ओळख बनली. १९२४ मध्ये तो मायदेशी परतला तेव्हा मनिलाने त्याचे जंगी स्वागत केले.

जगज्जेतेपद राखण्यासाठी त्याने बेनी श्वार्ट्झ आणि फ्रँकी अॅश यांना अमेरिकेत पराभूत केले, तर २ मे १९२५ रोजी मनिलात आपलाच देशबांधव क्लेव्हर सेन्सिओ याच्यावर मात केली. ही त्याची मायभूमीतील अखेरची लढत ठरली.

दाढेचे दुखणे

अमेरिकेत परतल्यावर ४ जुलै १९२५ रोजी कॅलिफोर्नियात ओकलंडलगतच्या एमरीव्हिल येथे त्याची जिमी मॅक्लार्निनशी दहा फेऱ्यांची लढत ठरली. जगज्जेतेपद पणाला नव्हते. मॅक्लार्निन अवघा सतरा वर्षांचा होता. पुढे १९३३ मध्ये तो वेल्टरवेट गटाचा जगज्जेता झाला. लढतीपूर्वीच व्हिलाची दाढ दुखू लागली होती आणि चेहरा सुजला होता. लढतीच्याच दिवशी सकाळी त्याने दात काढून घेतला. लढत पुढे ढकलणे हाच शहाणपणाचा मार्ग होता. परंतु अमेरिकेच्या स्वातंत्र्यदिनाचा मुहूर्त ठरलेला होता आणि व्हिला रिंगणात उतरला. बराच वेळ एका हाताने सुजलेला जबडा झाकून तो लढला. तरीही दहाही फेऱ्या तो उभा राहिला आणि गुणांवर पराभूत झाला.

त्यानंतर दंतवैद्याने जंतुसंसर्ग झाल्याचे पाहून आणखी दात काढले आणि विश्रांती घेण्यास बजावले. व्हिलाने ते मनावर घेतले नाही व मित्रांसमवेत मौजमजा चालूच ठेवली. संसर्ग घशापर्यंत पोहोचला. प्रकृती ढासळल्यावर त्याला रुग्णालयात नेऊन शस्त्रक्रिया करण्यात आली, परंतु १४ जुलै रोजी त्याचा मृत्यू झाला.

या विकाराला वैद्यकशास्त्रात ‘लुडविग्ज अँजायना’ म्हणतात. १८३६ मध्ये विल्हेल्म फॉन लुडविग या जर्मन वैद्याने त्याचे वर्णन केले. बहुधा खालच्या दाढांपासून सुरू होणारा हा संसर्ग जिभेखालच्या व हनुवटीखालच्या भागात झपाट्याने पसरतो. सूज वाढून जीभ वर आणि मागे ढकलली जाते, आणि श्वासाचा मार्ग बंद होऊ लागतो. नावात ‘अँजायना’ असले, तरी हृदयविकाराशी त्याचा संबंध नाही. आज वेळीच प्रतिजैविके दिली आणि श्वासमार्ग मोकळा राखला, तर बहुतेक रुग्ण बरे होतात. परंतु पेनिसिलिनचा शोधच मुळी १९२८ मध्ये लागला आणि ते सर्वसामान्य रुग्णांपर्यंत पोहोचण्यास १९४० चे दशक उजाडावे लागले.

व्हिलाचे पार्थिव मनिलाला नेण्यात आले आणि तेथील नॉर्थ सिमेटरीमध्ये त्याचे दफन झाले. रिकाम्या झालेल्या जगज्जेतेपदावर जेनारोचा दावा होता. परंतु ऑगस्ट १९२५ मध्येच फिडेल लाबार्बाने त्याला हरविले. मनिलात व्हिलाशी लढलेला क्लेव्हर सेन्सिओ पुढच्या वर्षी अमेरिकेत गेला. एप्रिल १९२६ मध्ये मिलवॉकी येथे बड टेलरविरुद्धच्या लढतीनंतर तोही दगावला.

व्हिलानंतर

पुढे फिलिपिन्सच्या मुष्टियुद्धाची ओळख हलक्या वजनगटांशीच जोडली गेली. १६ मार्च १९६० रोजी फ्लॅश एलोर्दे याने क्वेझॉन सिटी येथे अमेरिकेच्या हॅरोल्ड गोम्सला सातव्या फेरीत नॉकआउट करून ज्युनिअर लाइटवेट गटाचे जगज्जेतेपद मिळविले व १९६७ पर्यंत ते आपल्याकडे राखले. बोहोल बेटावर जन्मलेला नोनितो डोनेर २००७ मध्ये फ्लायवेट गटात जगज्जेता झाला. मे २०२१ मध्ये, वयाच्या ३८ व्या वर्षी, बँटमवेटचे जगज्जेतेपद पुन्हा जिंकून त्याने या गटात वयाचा विक्रम केला. आठ वजनगटांत जगज्जेतेपद मिळविणाऱ्या मॅनी पॅकियावचे पहिले जगज्जेतेपद फ्लायवेटचेच होते. ते त्याने डिसेंबर १९९८ मध्ये थायलंडच्या चॅचाई सासाकुलला आठव्या फेरीत नॉकआउट करून मिळविले. त्या वेळी तो विसाव्या वर्षात होता.

अमेरिकेतील आंतरराष्ट्रीय मुष्टियुद्ध कीर्तिमंदिरात एलोर्देचा समावेश १९९३ मध्ये झाला. व्हिलाला हा मान त्यानंतर वर्षभराने, १९९४ मध्ये, मिळाला.