केशवरावांचें भांडवल

१९०८ सालीं हुबळीस 'ललितकलादर्श' मंडळी निघाली, तेव्हां तिचे चालक केशवराव भोसले अवघे १७ वर्षांचे होते. बालनट म्हणून कमावलेला गळा हेंच त्यांचें भांडवल. पण गळ्यानें रात्र गाजते, बिऱ्हाड चालत नाहीं. नटांचे पगार, पडदे, मुक्कामाचा खर्च हीं रोजचींच.

तरीहि हुंड्यावर कोरडे ओढणारें वरेरकरांचें 'हाच मुलाचा बाप' त्यांनीं रंगभूमीवर आणलें. ही छाती, आमच्या मतें, त्यांच्या तानांहून मोठी. ८ जुलै १९२१ रोजीं मुंबईस प्रतिस्पर्धी बालगंधर्वांसह त्यांनीं टिळक स्वराज्य फंडासाठीं संयुक्त 'मानापमान' केला. स्वतः धैर्यधर झाले. तीन महिन्यांच्या आंत, ४ ऑक्टोबरला, ३१ व्या वर्षीं ते निवर्तले. मंडळी बापूराव पेंढारकरांनीं पुढें चालविली.