एका टाकीची मजल

मोटार घ्यावयास निघालेल्या गृहस्थाचे दोन प्रश्न ठरलेले असतात. ‘ॲव्हरेज किती देते?’ हा पहिला आणि ‘टाकी केवढी?’ हा दुसरा. या दोन उत्तरांचा गुणाकार केला म्हणजे एकदा टाकी भरल्यावर गाडी किती पल्ला गाठील हे कळते, अशी सर्वांची समजूत आहे. गुणाकार बरोबर आहे. पण त्याचे उत्तर रस्त्यावर मात्र क्वचितच बरोबर येते. असे का व्हावे, हा प्रश्न वरवर यंत्रशास्त्राचा दिसत असला तरी त्याचे निम्मे उत्तर इतिहासात आहे. तेच आज आम्ही श्रोत्यांपुढे मांडणार आहोत, आणि त्यासाठी मीरा-भाईंदरची हद्द फारशी ओलांडण्याचेही कारण नाही. घोडा, शीड, वाफेचे इंजिन आणि मोटार या चारही वाहनांच्या वाटा याच टापूतून गेल्या आहेत.

आरंभी एका शब्दाचा विचार करू. आपण ‘मजल मारली’ म्हणतो, ‘मजल दरमजल करीत फौज आली’ म्हणतो. हा शब्द अरबी ‘मंझिल’पासून आला. त्याचा मूळ अर्थ चालणे असा नसून, उतरण्याचे ठिकाण असा आहे. प्रवासाच्या अंतराला नाव मिळाले ते मुक्कामावरून! जुन्या लोकांनी यात एक मोठे सत्य साठवून ठेवले आहे. वाहन किती लांब जाते हे त्याच्या पोटात काय मावते यावर जितके ठरते, तितकेच पुढचा मुक्काम कोठे आहे आणि तेथे काय मिळेल यावरही ठरते.

आपल्या पूर्वेस खाडीच्या काठी घोडबंदर आहे. घोड्यांच्या व्यापारावरून त्याला हे नाव पडले असे सांगतात. तेथील किल्ला पोर्तुगीजांचा. तो मराठ्यांनी १७३७ मध्ये घेतला आणि १७३९ मध्ये वसई पडली. त्या मोहिमेच्या शौर्यकथा आपण पुष्कळ ऐकल्या आहेत. आम्हांस येथे घोड्याच्या पोटाकडे लक्ष वेधावयाचे आहे. काम करणाऱ्या घोड्याला दिवसाला सुमारे १० किलो चारा-दाणा आणि ३० ते ४० लिटर पाणी लागते. ओझ्याच्या घोड्यावर १०० किलो चारा लादला, तर तो दहा दिवसांत एकट्यानेच संपवील आणि लष्कराच्या हाती काहीच उरणार नाही. म्हणजे घोड्याची टाकी कितीही वाढविली तरी मजल वाढत नाही. म्हणूनच फौजा दसऱ्यानंतर निघत. पावसाळा सरलेला, नद्या उतरलेल्या आणि रानात गवत उभे असे. त्या काळी सारा मुलूख हीच टाकी होती आणि ती भरावयाचे काम पाऊस करी. वाटेवरच्या विहिरी, बारवा, धर्मशाळा यांचे महत्त्व यावरून ध्यानी यावे. अहिल्याबाई होळकरांनी घाट बांधले, विहिरी खणविल्या, धर्मशाळा उभारल्या; त्यामागे धर्मबुद्धी होतीच, पण त्यामुळे हजारो अनोळखी वाटसरूंची मजल लांबली, हेही तितकेच खरे.

आता पश्चिमेस उत्तनच्या किनाऱ्यावर जाऊ. शिडाच्या होडीला वारा फुकट मिळे. तिचा पल्ला ठरे तो पिण्याच्या पाण्यावर आणि शिधावर. पुढे होड्यांना यंत्र बसले आणि डिझेलचा हिशेब आला. तरीही उत्तनचा कोळी बांधव केवळ डिझेलवर हिशेब करीत नाही, बर्फही मोजतो. टाकीत डिझेल आहे, पण खणातला बर्फ वितळला, तर आणखी पुढे जाऊन उपयोग काय? पकडलेली मासळी बंदराला लागेपर्यंत टिकली पाहिजे. पल्ला हा नेहमी परतीसकट मोजावयाचा असतो, हा धडा मोटारवाल्याने दर्यावर्दीकडून घ्यावा असा आहे.

रेल्वेची गोष्ट याच धर्तीची. मुंबई-बडोदा मार्गाची गाडी १८६४ पासून वसईची खाडी ओलांडून मुंबईत येऊ लागली. वाफेच्या इंजिनाला कोळशापेक्षा पाण्याची तहान अधिक. इंजिन थांबे आणि उंच नळाखाली उभे राहून पाणी पिई. ठरावीक अंतरांवरच्या स्थानकांत पाण्याच्या टाक्या उभ्या राहिल्या त्या याच कारणाने. पुढे १९३६ मध्ये विरारपर्यंत विजेची गाडी धावू लागली आणि एक चमत्कार झाला. विजेच्या गाडीला टाकीच नाही! जेथवर तार, तेथवर मजल. टाकीचे सारे ओझे रुळाकाठच्या खांबांनी उचलले. हा मुद्दा पुढे आपल्याला पुन्हा लागणार आहे.

मोटार आली तेव्हा ती घोड्याहून फार निराळ्या स्थितीत नव्हती. फोर्डची ‘मॉडेल टी’ ही १९०८ ते १९२७ या काळात निघालेली जगप्रसिद्ध गाडी घ्या. तिची टाकी पुढल्या बैठकीखाली असे आणि तीत १० अमेरिकन गॅलन, म्हणजे सुमारे ३८ लिटर, पेट्रोल मावे. पेट्रोल किती उरले हे दाखविणारा काटा नव्हता. पट्टी बुडवून पाहावे लागे. पेट्रोल इंजिनात चढविणारा पंपही नव्हता. ते आपल्या वजनाने खाली उतरे. त्यामुळे टाकी अर्धीमुर्धी असताना मोठा चढ लागला की पेट्रोल इंजिनापर्यंत पोहोचेनासे होई आणि चालक गाडी फिरवून उलट्या गियरमध्ये चढ चढत. एक लिटरला साडेपाच ते नऊ किलोमीटर, असा तिचा हिशेब होता. म्हणजे भरल्या टाकीवर फार तर २०० ते ३४० किलोमीटर. आपल्याकडे जनरल मोटर्सने शिवडी येथे १९२८ पासून गाड्या जुळविण्यास आरंभ केला. त्या सुमारास पेट्रोल डब्यांतूनही विकले जाई, आणि लांबच्या प्रवासाला निघणारा मनुष्य भरलेले डबे बरोबर घेई. घोड्याच्या पाठीवरच्या चाऱ्याचाच हा दुसरा अवतार.

दुसऱ्या महायुद्धात पेट्रोलवर नियंत्रण आले, कूपने आली. टाकी तीच, पण ती भरावयाची कशाने? तेव्हा बसगाड्यांच्या आणि मालमोटारींच्या पाठीवर कोळशाच्या भट्ट्या बसविल्या गेल्या आणि त्यांतून निघणाऱ्या गॅसवर गाड्या धापा टाकीत चालल्या. टाकीवर लिहिलेला आकडा आणि प्रत्यक्षातला पल्ला यांचे नाते किती परस्वाधीन आहे, हे त्या पिढीने अनुभविले. युद्धानंतर तुर्भ्याजवळ ट्रॉम्बे येथे १९५४ आणि १९५५ मध्ये दोन तेलशुद्धीकरण कारखाने सुरू झाले. १९७३ मध्ये जगात तेलाचे भाव कडाडले. १९७४ मध्ये आपल्याच समुद्रात बॉम्बे हाय येथे तेल सापडले. रस्त्यांवर पंप वाढत गेले, आणि पंप जसजसे वाढले तसतशी टाकी आटत गेली. १९८३ च्या डिसेंबरात आलेल्या मारुती ८०० ची टाकी २८ लिटरांच्या घरातली. २००९ मधल्या टाटा नॅनोची तर अवघी १५ लिटरांची! पंपावर पंप असल्यावर मोठी टाकी हवी कशाला, असा हा विचार. पण २०१५ मध्ये त्याच नॅनोची टाकी २४ लिटरांची करण्यात आली. शहरात फिरण्यापुरती म्हणून घेतलेली गाडी आपला मनुष्य शेवटी गावी नेतोच, हे त्यावरून लक्षात यावे.

येथून आपण आजच्या छोट्या क्रॉसओव्हर गाडीकडे येतो. मोटारीचा सांगाडा आणि त्यावर जीपसारखा उंच बांधा, असे हे मिश्रण. आपल्याकडे तिची लांबी ठरविली ती रस्त्याने नव्हे, करआकारणीने! २००६ च्या अंदाजपत्रकात ४ मीटरांहून अधिक लांब नसलेल्या आणि लहान इंजिनाच्या गाड्यांवरील उत्पादनशुल्क २४ टक्क्यांवरून १६ टक्क्यांवर आणले गेले. त्या चार मीटरांत माणसे, सामान आणि इंजिन बसवावयाचे, तेव्हा टाकीच्या वाट्याला मागील बैठकीखालची बेताची जागा आली. पुणे जिल्ह्यात बनणारी टाटा पंच २०२१ च्या ऑक्टोबरात बाजारात आली. तिची टाकी ३७ लिटरांची. श्रोत्यांनी येथे क्षणभर थांबावे. शंभर वर्षांपूर्वीच्या फोर्डची ३८ आणि हिची ३७! टाकी जवळजवळ तीच राहिली. बदलले ते इंजिन. पंच बाजारात आली तेव्हा चाचणीत ती लिटरला सुमारे १९ किलोमीटर गेली. म्हणजे कागदावर एका टाकीत ७०० किलोमीटर. शतकाची कमाई ती हीच.

मात्र ही चाचणी होते बंद दालनात, फिरत्या रुळांवर, ठरवून दिलेल्या वेगाने. तेथे काशिमिऱ्याचा नाका नाही, घोडबंदर रस्त्यावरची संध्याकाळ नाही. तासभर एका जागी खोळंबलेली गाडी पेट्रोल पिते आणि मजल मारते शून्य. गर्दीत लिटरला १२ किलोमीटर धरले, तर ३७ लिटरांत ४४४ किलोमीटर होतात. त्यांतून तळाचे ५ लिटर अडीअडचणीला राखून ठेवावे हे शहाणपणाचे, उरले ३८४. मीरा रोडहून सावंतवाडी सुमारे ५०० किलोमीटर. गणपतीला निघालेल्या कुटुंबाला वाटेत एकदा पंप शोधावा लागणारच. तो रात्री घाटात शोधावा लागू नये, एवढ्यासाठी हा गुणाकार घरीच करावयाचा.

आज आपल्या शहरात पुष्कळजण गॅसवर चालणारी गाडी घेतात, कारण महिन्याच्या हप्त्यात तीच बसते. पंचच्या गॅसवरील गाडीत ३० लिटरांच्या दोन टाक्या आहेत. साठ लिटर ऐकून मनुष्य हुरळतो. परंतु वायू दाबून भरला तरी त्यांत मावतो सुमारे ९ किलो, आणि चाचणीतला किलोला २७ किलोमीटरांचा आकडा धरला तरी पल्ला २४३ किलोमीटरांचाच. खर्च कमी, पण मजल आखूड. सावंतवाडीच्या वाटेवर हा गॅस जेमतेम निम्म्या अंतरापर्यंत पोहोचेल. विजेच्या गाडीचे गणित याहून नवलाचे आहे. २०२० च्या जानेवारीत आलेल्या टाटा नेक्सॉनच्या विजेवरील गाडीची बॅटरी ३०.२ युनिटांची. एवढी शक्ती साडेतीन लिटरांहूनही कमी पेट्रोलात असते! तरीही चाचणीत ती गाडी ३१२ किलोमीटर गेली, कारण पेट्रोलचे इंजिन निम्म्याहून अधिक शक्ती उष्णतेत दवडते आणि विजेचे यंत्र फारच थोडी दवडते. विरारच्या विजेच्या गाडीने जे १९३६ मध्ये सांगितले होते, तेच आज रस्त्यावरची मोटार सांगत आहे. टाकी लहान चालेल, पण तार हाताशी हवी.

येथेच या विषयाचे मर्म आहे. टाकीची मजल हा केवळ खाजगी गुण नाही. २०२५ च्या नोव्हेंबरात ट्रॉम्बेच्या बाजूला मुख्य गॅसवाहिनीला इजा पोहोचली आणि मुंबई-ठाणे परिसरातले अनेक गॅसपंप बंद पडले. ज्यांच्या गाडीत पेट्रोलची दुसरी टाकी होती त्यांचे निभावले. दिवसाच्या कमाईवर घर चालविणाऱ्या रिक्षावाल्याची मजल मात्र पंपाच्या रांगेतच संपली. त्याच्या वाहनात काही उणे नव्हते. उणे होते ते मुक्कामावर. आपला देश तेलाच्या गरजेपैकी दहात आठ हिश्श्यांहून अधिक तेल बाहेरून आणतो, हे ध्यानी घेतले तर आपल्या सर्वांच्या टाक्यांचे तोंड कोठे परमुलखात उघडते हेही कळून येईल.

मीरा-भाईंदरची नगरपालिका १९८५ ची आणि महानगरपालिका २००२ ची. २०११ च्या गणनेत येथील वस्ती ८ लाखांच्या घरात गेली होती. एवढ्या मोठ्या शहराने मोटारींची संख्या मोजावी, पण त्याबरोबर मुक्कामही मोजावेत. सोसायटीच्या सभेत विजेच्या जोडणीचा प्रश्न निघाला की तो एका सभासदाचा लाड म्हणून बाजूस टाकला जातो. आमच्या मते तो प्रश्न विहिरीचा आहे. गॅसपंप वाढविणे, बसगाड्या वेळेवर धावविणे, हीसुद्धा विहीर खणण्याचीच कामे आहेत. कारण ज्याच्यापाशी मोटार नाही त्याचीही मजल त्यांनी वाढते. मोठी टाकी घेऊन एक मनुष्य दूर जातो; वाटेवर मुक्काम बांधला तर सारा गाव दूर जातो. आपल्या पूर्वजांनी अंतराला मुक्कामाचे नाव दिले. आपण त्या नावाला जागलो, तर ३७ लिटरांची टाकीदेखील पुरेशी ठरेल.