खांद्यावरचा वेताळ

आमच्या मेहकरला राक्षसाचं नाव आहे. आख्यायिका अशी, की इथे मेघंकर नावाचा दैत्य होता. विष्णूनं शार्ङ्गधर होऊन त्याला मारलं. गावाला नाव मात्र मेलेल्याचंच राहिलं. १८८८ मध्ये जमिनीतून निघालेली शारंगधर बालाजीची काळ्या पाषाणाची भव्य मूर्ती आजही गावात आहे. शेजारच्या लोणारलाही तसंच. तिथे लवणासुर, आणि त्याला मारणारा दैत्यसूदन.

त्यामुळे राक्षस दिसला की मारायचा, हे आम्हाला शाळेत जायच्या आधीच पाठ. मग हातात 'चांदोबा' आला.

'चांदोबा' मूळचा मद्रासचा. बी. नागी रेड्डी आणि चक्रपाणी यांनी जुलै १९४७ मध्ये तो तेलुगू आणि तमिळमध्ये काढला. १९५२ पासून मराठीत आला. त्यातली विक्रम-वेताळाची मालिका हेच आमचं हॅरी पॉटर. चित्रकार शंकर यांचा तो विक्रम आठवतोय? हातात तलवार, खांद्यावर प्रेत.

प्रत्येक अंकात तेच. राजा झाडावरून प्रेत काढतो. प्रेतातला वेताळ गोष्ट सांगतो आणि शेवटी प्रश्न टाकतो. उत्तर माहीत असून गप्प बसलास तर डोक्याची शकलं होतील. बोललास तर मौन मोडलं, मी परत झाडावर. मला राजाचा राग यायचा. अरे, एकदा खोटं बोल ना!

या गोष्टी जुन्या. अकराव्या शतकात काश्मीरच्या सोमदेवानं 'कथासरित्सागरा'त त्या सांगितल्या. त्यातली एक बघा. एका मुलीवर तिघांचं प्रेम. ती मरते. एक तिच्या राखेवर झोपतो, दुसरा अस्थी गंगेला नेतो, तिसरा मंत्र शोधून तिला जिवंत करतो. मग ती कुणाची बायको? राजा म्हणतो, जीव देणारा बाप झाला, अस्थी नेणारा मुलगा. राखेवर झोपला तोच नवरा.

'चांदोबा'त वेताळ दर महिन्याला झाडावर परत जायचाच. शेवट मी पुढे पुस्तकात वाचला आणि गारच पडलो. अखेरच्या प्रश्नाचं उत्तर राजाला खरंच येत नाही. तो गप्प राहतो. वेताळ खूश होतो आणि सांगतो, तुला इथे पाठवणारा साधू तुझाच बळी देणार आहे. तो साष्टांग नमस्कार घालायला सांगेल. तेव्हा म्हण, आधी तुम्ही करून दाखवा. साधू वाकतो आणि राजा त्याचं डोकं उडवतो.

दरबारात रोज फळ घेऊन येणारा साधू मारेकरी निघाला. खांद्यावरचं भूत मित्र निघालं. राजा वाचला, कारण एवढ्या खेपा त्यानं भुताचं ऐकून घेतलं होतं.

आता रोज कुणीतरी फोनवर सांगतं, अमका राक्षस आहे, मारा. मी आधी सांगणाऱ्याकडे बघतो.

आणि गावी गेलो की वाटतं, मेघंकराला कुणी खांद्यावर घेतलं असतं, तर त्यानं काय विचारलं असतं?