खाव मन काइ : एका कोंबडीभाताचा मालक कोण?

१/
इतिहास म्हटला की आपल्या डोळ्यांसमोर किल्ले, लढाया आणि फर्माने उभी राहतात. आज एका ताटाचा इतिहास पाहू. मंद आचेवर उकडलेली कोंबडी, तिच्याच रश्श्यात शिजलेला भात, आल्यामिरचीची तिखट-आंबट चटणी आणि वाटीभर निवळ सूप. बँकॉकच्या रस्त्यांवर दिवसभर विकले जाणारे हे ताट आमच्या आखाडा बाळापूरच्या स्वयंपाकघरातही उत्तम जमते. प्रश्न एवढाच आहे : हा पदार्थ कोणाचा? (धागा)

२/
आधी नाव पाहू. थाई भाषेत याला 'खाव मन काइ' म्हणतात. खाव म्हणजे भात, मन म्हणजे चरबी, काइ म्हणजे कोंबडी. रोमन अक्षरांतून वाचताना आपल्याकडे शेवटचा शब्द 'गाय' असा उच्चारला जातो. गाईशी मात्र या पदार्थाचा काडीचाही संबंध नाही. नावात पहिला मान भाताला आहे, कोंबडीला शेवटचा. हा क्रम ध्यानात असू द्यावा. पुढे त्याचा उपयोग होईल.

३/
नाव थाई असले तरी कृती समुद्रापलीकडून आली. दक्षिण चिनी समुद्राच्या काठावर हैनान नावाचे मोठे बेट आहे. १९८८ पर्यंत ते ग्वांगडोंग प्रांताचा भाग होते. त्याच्या ईशान्येकडील वनचांग हा भाग कोंबड्यांसाठी प्रसिद्ध आहे. सिंगापूर आणि मलेशियात हाच पदार्थ 'हैनानी चिकन राइस' म्हणून ओळखला जातो. थाई नावातून मात्र हैनान गळून पडले आणि उरली ती केवळ कृती.

४/
हैनानची माणसे बाहेर का पडली? दुसऱ्या अफूयुद्धात झालेल्या १८५८ च्या तिएन्त्सिनच्या तहात हैनानमधील बंदर परकीय व्यापाराला खुले करण्याचे कलम होते. १८६० च्या पेकिंग करारान्वये चिनी प्रजाजनांच्या परदेशगमनाला मान्यता द्यावी लागली. बंदर प्रत्यक्षात १८७६ मध्ये खुले झाले. ज्या अफूने चीनवर ही वेळ आणली, तिचा मोठा वाटा माळव्यातून मुंबई बंदरामार्गे जात असे, हेही आपण विसरू नये.

५/
हैनानी लोक आग्नेय आशियात पोहोचले तेव्हा उशीर झालेला होता. होक्किएन, तिओच्यू आणि कँटोनी समाजांनी व्यापार, पेढ्या आणि दुकानदारी आधीच हाती घेतली होती. उशिरा आलेल्यांच्या वाट्याला उरलेली कामे आली. ब्रिटिश मलायात ते साहेबांच्या घरी आचारी आणि खानसामे झाले, जहाजांवर आणि हॉटेलांत राबले. सयाममध्ये लाकूड कापण्याच्या गिरण्या, भाजीचे मळे, मासेमारी आणि घरकाम ही त्यांची क्षेत्रे होती.

६/
दुसऱ्या महायुद्धाने साहेबांची घरे विस्कटली आणि सिंगापुरातील अनेक हैनानी आचाऱ्यांच्या नोकऱ्या गेल्या. हाताशी राहिले ते रांधण्याचे कसब. त्यातून खाणावळी, कॉफीची दुकाने आणि कोंबडीभाताचे ठेले उभे राहिले. सयामचे नाव १९३९ मध्ये थायलंड झाले. त्या काळात तिथल्या शासनाने चिनी शाळा आणि व्यवसायांवर कडक निर्बंध घातले होते. परके ठरवल्या गेलेल्या समाजाचे ताट पुढे त्याच देशाचे रोजचे जेवण झाले.

७/
या पदार्थातील काटकसर पाहण्यासारखी आहे. कोंबडी एकच. तिचे मांस ताटात जाते. तिची चरबी तांदूळ परतायला लागते. तिचे पाणी भात शिजवायला लागते आणि उरलेल्या पाण्याचे सूप होते. थायलंडमध्ये गोठवलेल्या रक्ताच्या वड्याही सोबत देतात. एका पक्ष्यात पुष्कळ माणसांचे पोट भरायचे असेल, तर चव भातात उतरवावी लागते. नावात पहिला मान भाताला का, याचे उत्तर मला इथे सापडते.

८/
आता मालकीचा वाद. २००९ मध्ये मलेशियाच्या तत्कालीन पर्यटनमंत्री एंग येन येन यांनी हैनानी चिकन राइससह काही पदार्थ मलेशियाचे असून इतरांनी ते बळकावल्याचे म्हटले. सिंगापुरात त्यावर बरीच खळबळ उडाली. आपल्याला हे नवे नाही. 'बांगलार रसगुल्ला'ला २०१७ मध्ये आणि ओडिशाच्या रसगुल्ल्याला २०१९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. रसगुल्ला एक, दावेदार दोन.

९/
इथे आपल्या भागातील एक गोष्ट आठवते. आखाडा बाळापूर आज हिंगोली जिल्ह्यात आहे. १ मे १९९९ पूर्वी ते परभणी जिल्ह्यात होते आणि सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात. त्या संस्थानाच्या खाद्यपरंपरेत यखनी पुलाव आहे : मांसाचे पाणी काढायचे, तांदूळ तुपात परतायचा आणि त्याच पाण्यात शिजवायचा. १६ व्या शतकाच्या अखेरीच्या 'आईन-ए-अकबरी'तही यखनी आणि किमा-पुलावाची नोंद आहे.

१०/
स्निग्धांशात तांदूळ परतणे आणि मांसाच्या रश्श्यात तो शिजवणे : कृती जवळपास तीच. मग हैनानी भात पुलावातून निघाला का? इथेच थांबायला हवे. साम्य म्हणजे संबंध नव्हे. ज्याच्याकडे तांदूळ, चरबी आणि एक हंडी आहे, त्याला ही युक्ती स्वतंत्रपणेही सुचू शकते. संबंध सिद्ध करायचा तर प्रवासी, व्यापारी, आचारी किंवा शब्द अशी मधली कडी दाखवावी लागते. 'यखनी' हा फारसी शब्द दख्खनपर्यंत आल्याचा माग लागतो. हैनानपर्यंतचा तसा माग नाही.

११/
कोंबडीचा पुरावा मात्र वेगळ्या प्रकारचा आहे. थायलंडमधील बान नोन वाट या उत्खननस्थळी सापडलेली हाडे ही पाळीव कोंबडीची सर्वांत जुनी निःसंदिग्ध हाडे असल्याचे २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात मांडले गेले. त्यांचा काळ सुमारे इ. स. पू. १६५० ते १२५०. भात आणि तृणधान्याच्या शेतीमुळे रानकोंबडे माणसाच्या वस्तीजवळ आले, असे त्या संशोधकांचे मत आहे. म्हणजे कोंबडी आणि भाताची सोबत ताटात येण्यापूर्वी शेतातच जुळली असावी.

१२/
आणखी एक पुरावा कातडीत आहे. चांगल्या हैनानी कोंबडीची कातडी पिवळसर आणि तुकतुकीत असावी, अशी खवय्यांची अपेक्षा असते. पाळीव कोंबडीचा मुख्य पूर्वज लाल रानकोंबडा. परंतु पिवळ्या कातडीचे जनुक राखी रानकोंबड्याकडून आल्याचे २००८ च्या एका जनुकीय अभ्यासाने दाखवले. हा पक्षी भारतीय द्वीपकल्पाचा रहिवासी. सह्याद्रीच्या जंगलात आजही आरवतो. बँकॉकच्या ताटात आपल्या रानाचा एवढा अंश आहे.

१३/
आता प्रत्यक्ष कृती. सव्वा किलोची अख्खी कोंबडी घ्यावी. आपल्याकडे दुकानदार ब्रॉयलर सोलूनच देतो. म्हणून 'सोलू नका, कातडीसकट द्या' असे आधीच सांगावे आणि पोटाकडची चरबी मागून घ्यावी. मोठ्या पातेल्यात कोंबडी बुडेल इतके पाणी, मीठ, आल्याचे काप, लसूण आणि पातीचा कांदा घालून उकळी आणावी. कोंबडी सोडून आच अगदी मंद करावी. पाणी खळखळता कामा नये, नुसते थरथरावे.

१४/
४० ते ४५ मिनिटांनी आच बंद करून झाकण तसेच १५ मिनिटे ठेवावे. मांडीच्या जाड भागात सुरी खुपसली असता निघणारा रस स्वच्छ हवा; लालसर दिसला तर पुन्हा शिजवावे. मग कोंबडी थंडगार पाण्यात बुडवावी म्हणजे कातडी घट्ट होते. गावरान कोंबडी असेल तर वेळ बराच अधिक लागतो. मांस चिवट राहते, पण रश्श्याला आणि पिवळ्या चरबीला जी चव येते तिला तोड नाही.

१५/
चरबी मंद आचेवर वितळवून तिच्यात ठेचलेले आले-लसूण परतावे. धुऊन निथळलेला तांदूळ त्यात दोन-तीन मिनिटे परतून कोंबडीचे पाणी घालावे. थायलंडमध्ये सुवासिक जास्मिन तांदूळ वापरतात. आपल्याकडचा जुना कोलम चालतो. त्याला दुपटीहून किंचित कमी पाणी पुरते. मराठवाडा हा मुळात ज्वारीचा मुलूख. इथे भात पूर्वी सणावारी व्हायचा. भाताची चव जपण्याचे महत्त्व आपल्या आजीला कोणी शिकवावे लागत नाही.

१६/
उरलेल्या पाण्यात थाई लोक कोहळ्याच्या फोडी शिजवतात. होय, आपण सांडग्यांत घालतो तोच कोहळा. चटणीसाठी आले, लसूण, हिरवी मिरची, साखर, व्हिनेगर, सोया सॉस आणि आंबवलेले सोयाबीन. हे शेवटचे जिन्नस बाळापूरच्या किराणा दुकानात मिळत नाही; सोया सॉस थोडा वाढवून भागते. काकडीचे काप आणि कोथिंबीर ठेवली की ताट पूर्ण झाले. हळद घालण्याचा मोह हिंगोलीकरांनी या वेळी आवरावा.

१७/
पण सोयाबीन तर आपल्या शिवारात वाऱ्यावर डोलते! मराठवाड्यात या पिकाचा विस्तार प्रामुख्याने गेल्या तीन-चार दशकांतला. त्याचे तेल गिरणीत निघते आणि पेंड कोंबडीखाद्यात जाते. पूर्व आशियाने हजारो वर्षे जे धान्य आंबवून ताटात वाढले, ते आपल्याकडे कोंबडीच्या पोटातून ताटात येते. पीक आले म्हणजे त्याची पाककृती आली असे होत नाही. पाककृती माणसांसोबत येते.

१८/
म्हणून 'हा पदार्थ कोणत्या देशाचा?' या प्रश्नापेक्षा 'तो कोणी रांधला आणि कोणत्या अवस्थेत?' हा प्रश्न मला अधिक मोलाचा वाटतो. परक्या मुलखात उतरलेल्या हैनानी मजुराने बखर लिहिली नाही. दरबाराने त्याची नोंद ठेवली नाही. त्याच्या हातची कृती हाच त्याचा दस्तऐवज, आणि आज राष्ट्रे त्यावर आपापले शिक्के उमटवू पाहतात. शिक्क्याखाली नेमका तो मजूर झाकला जातो.

१९/
हे आपल्यालाही लागू आहे. दरवर्षी मराठवाड्यातून हजारो कुटुंबे ऊसतोडीला जातात. कोपीवर पहाटे काय शिजते, गावाहून कोणते पीठ नेले जाते, परमुलखातला कोणता पदार्थ गावी परत येतो, याची पद्धतशीर नोंद फारशी होत नाही. उद्या हे काम यंत्रांकडे गेले, तर त्या चुलींचा इतिहास कशातून लिहिणार? पाककृतीची पुस्तके बहुधा ज्यांच्या घरी पुस्तके आहेत त्यांच्याच जेवणाविषयी बोलतात.

२०/
तेव्हा या सुट्टीत एक काम करा. घरातील किंवा गल्लीतील एका वडीलधाऱ्या व्यक्तीला एका पदार्थाविषयी विचारा. कोणाकडून शिकलात? साधारण कोणत्या वर्षी? भांडे कोणते, इंधन कोणते, तेव्हा कोणता जिन्नस मिळत नव्हता? सांगणाऱ्याची परवानगी घेऊन उत्तर त्यांच्याच शब्दांत उतरवा. बोलीतला शब्द 'शुद्ध' करू नका. तारीख आणि गावाचे नाव घाला. टिपणे खाली उत्तरांत जोडलीत तर सर्वांना वाचता येतील.

(धागा समाप्त)