उष्ण हवामानातील जिरेनियम लागवड

जिरेनियम (शास्त्रीय नाव: पेलार्गोनियम ग्रॅव्हिओलेन्स) ही मूळची दक्षिण आफ्रिकेतील बहुवर्षायू सुगंधी वनस्पती आहे. तिची पाने व कोवळ्या फांद्या यांपासून गुलाबासारख्या वासाचे तेल मिळते. अत्तरे, साबण व सौंदर्यप्रसाधने यांत ते वापरतात. समशीतोष्ण डोंगराळ प्रदेशातले हे पीक आता महाराष्ट्राच्या अवर्षणप्रवण भागांतही घेतले जाते. उष्ण प्रदेशात या पिकाला पाण्याच्या ताणापेक्षा मुळांशी साचणाऱ्या पाण्याचा धोका अधिक असतो.

== नाव व प्रसार ==
लिनियसने १७५३ मध्ये या वनस्पतींचा समावेश 'जिरेनियम' प्रजातीत केला होता. १७८९ मध्ये लेरितिए या फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञाने 'पेलार्गोनियम' ही प्रजाती वेगळी केली. व्यवहारात मात्र जुने नावच रूढ राहिले. भारतात विसाव्या शतकाच्या आरंभी तमिळनाडूतील येरकाड परिसरात तेलासाठी लागवड सुरू झाली आणि पुढे ती निलगिरी व कोडाईकनाल भागांत पसरली. लखनौच्या केंद्रीय औषधी व सुगंधी वनस्पती संस्थेने (सीमॅप) मैदानी प्रदेशातील लागवडीस चालना दिली.

== मराठवाड्यातील परिस्थिती ==
बीड जिल्ह्याच्या केज तालुक्यातील युसूफ वडगावसारख्या गावांत पाऊस अनिश्चित असतो आणि उन्हाळ्यात तापमान ४० अंश सेल्सियसच्या वर जाते. याच तालुक्यात धनेगाव येथे मांजरा धरण आहे. २०१६ च्या उन्हाळ्यात ते कोरडे पडल्यावर लातूर शहराला मिरजेहून रेल्वेने पाणी पुरवावे लागले. अशा भागात कमी पाण्यावर येणारे पीक म्हणून जिरेनियमकडे पाहिले जाते. मात्र येथील भारी काळी जमीन पावसाळ्यात दीर्घकाळ ओल धरून ठेवते व ती या पिकास मानवत नाही. मध्यम किंवा हलकी, उत्तम निचऱ्याची जमीन योग्य ठरते.

== लागवड ==
अभिवृद्धी छाट कलमांनी करतात. तीन-चार डोळ्यांच्या फाट्यांना मुळे फुटून रोप तयार होण्यास सुमारे ४५ ते ६० दिवस लागतात. पावसाळा सरल्यावर, ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये, गादीवाफ्यांवर रोपे लावतात. ६० × ६० सेंटिमीटर अंतरावर एकरी सुमारे ११,००० रोपे बसतात.

== पाणी व्यवस्थापन ==
नव्या रोपांची मुळे वरच्या थरात असल्याने सुरुवातीस थोडे-थोडे पाणी वारंवार द्यावे लागते. झाड स्थिरावल्यावर दोन पाळ्यांतील अंतर वाढवतात. ठरावीक दिवस मोजण्यापेक्षा जमिनीत वाफसा आहे की नाही हे पाहून पाणी देणे हितकारक असते. ठिबक सिंचनामुळे पाणी वाचते व खोडाभोवती चिखल होत नाही. दुपारी पाने माना टाकतात, ती सायंकाळी पूर्ववत झाल्यास पाण्याची कमतरता समजण्याचे कारण नसते. सकाळीही पाने मलूल असतील, तर माती उकरून पाहतात: माती कोरडी असल्यास पाणी हवे असते, ओली असल्यास मुळे कुजू लागल्याची शक्यता असते. दुसऱ्या स्थितीत आणखी पाणी दिल्यास झाड दगावते.

== पावसाळ्यातील जोपासना ==
मर व मूळकूज हे प्रमुख रोग पावसाळ्यात बळावतात. सूत्रकृमींनी मुळांना केलेल्या इजेमुळे त्यांत भर पडते. या काळात मातृरोपे मेल्यास पुढील हंगामाचे बेणे नाहीसे होते. म्हणून काही मातृरोपे प्लॅस्टिकच्या छपराखाली, उंच वाफ्यांवर सांभाळण्याची पद्धत सीमॅपने विकसित केली.

== कापणी व तेल ==
पहिली कापणी साधारण चार महिन्यांनी व पुढील कापण्या तीन-चार महिन्यांच्या अंतराने होतात. पाल्याचे वाफेच्या साहाय्याने ऊर्ध्वपातन करतात. ताज्या पाल्यात तेलाचे प्रमाण सुमारे ०.१ ते ०.२ टक्के असते, म्हणजे एक टन पाल्यातून एक ते दोन किलो तेल मिळते. सिट्रोनेलॉल व जिरेनिऑल हे त्यातील प्रमुख घटक होत.

== मर्यादा ==
शेतात पाण्याची बचत झाली तरी बाष्पक व शीतक यांनाही पाणी लागते. शीतकाचे पाणी टाकीत थंड करून पुन्हा वापरता येते. ऊर्ध्वपातन केंद्र जवळ नसल्यास वाहतुकीचा खर्च वाढतो आणि ढीग करून ठेवलेला पाला तापून तेलाची प्रत घसरते. उग्र वासामुळे जनावरे हे पीक सहसा खात नाहीत. त्यामुळे राखणीचा त्रास कमी होतो, पण ज्वारीच्या कडब्यासारखी वैरणही मिळत नाही. दुष्काळी गावात सर्व क्षेत्र या पिकाखाली आणताना ही बाब महत्त्वाची ठरते.

== कुंडीतील जिरेनियम ==
शोभेसाठी पेलार्गोनियमच्या इतर जाती व संकरित वाण लावतात. तळाला छिद्र असलेली मातीची कुंडी, सकाळचे ऊन व दुपारची सावली त्यांना मानवते. मातीचा वरचा थर बोटाला कोरडा लागल्यावरच सकाळी बुडाशी पाणी देतात. पाने भिजवल्यास त्यांवर ठिपक्यांचे रोग पसरतात. तीव्र उन्हाळ्यात फुले येणे थांबते. ती परत यावीत म्हणून त्या काळात जादा पाणी वा खत देणे अपायकारक असते.