थुकरटवाडीतला वऱ्हाडी माणूस

परतवाड्याच्या बाजारात क्षणभर कान दिला तर मराठीचे निराळे रूप ऐकू येते. ‘मला’चे ‘मले’, ‘माझा’चे ‘माहा’, ‘डोळा’चे ‘डोया’ आणि ‘का’ऐवजी खणखणीत ‘काहून’. येथे इंग्रजी अमदानीत हैदराबाद कंटिंजंटची छावणी होती. त्यामुळे हिंदी-उर्दूची सरमिसळ जुनीच. मेळघाटातून बाजाराला उतरणाऱ्यांची कोरकूही सोबतीला.

याच जिल्ह्यात, चांदूर बाजारच्या पलीकडे रिद्धपूर आहे. तेराव्या शतकाच्या अखेरीस म्हाइंभटांनी ‘लीळाचरित्र’ सिद्ध केले ते तेथे. म्हणजे मराठी गद्याचा आद्यग्रंथ वऱ्हाडच्या मातीतला.

आणि तरीही २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झाल्यावर वऱ्हाडी बोली पडद्यावर फारशी आलीच नाही. कारण राजकीय इतिहासात सापडते. १९५६ पर्यंत वऱ्हाड मध्य प्रदेशात होते आणि राजधानी नागपूर. नाटक-सिनेमाचा व्यवसाय मात्र मुंबई-पुण्यात आणि कोल्हापुरात वाढला. साहजिकच ‘ग्रामीण मराठी’ म्हणजे सातारा-कोल्हापूरची बोली, हा संकेत रूढ झाला. (लक्ष्मण देशपांडे यांचे ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ अनेकांना वऱ्हाडी बोलीतले वाटते. त्यातले वऱ्हाड लग्नाचे आहे आणि बोली मराठवाड्याची!)

अमरावतीचे भारत गणेशपुरे मुंबईत आले ते या पार्श्वभूमीवर. लहानसहान भूमिका, मग ‘फू बाई फू’, आणि ऑगस्ट २०१४ पासून झी मराठीवर ‘चला हवा येऊ द्या’. निलेश साबळे यांच्या या कार्यक्रमातील थुकरटवाडी नावाच्या काल्पनिक गावात भाऊ कदम, कुशल बद्रिके, सागर कारंडे, श्रेया बुगडे यांच्याबरोबर ते उभे राहिले. हे गाव नकाशावर कोठेच नाही. म्हणूनच बहुधा तेथे कोणाची बोली परकी ठरली नाही.

सहाय्यक विनोदी नटाचे काम वरवर सोपे दिसते. त्याला दोन वाक्ये मिळतात आणि तेवढ्यात माणूस उभा करावा लागतो. गणेशपुरे यांचा सूर सहसा चढत नाही. चेहरा मख्ख ठेवून, वाक्याचा शेवट किंचित लांबवून ते अगदी अतार्किक गोष्ट ठाम सांगतात. हसू येते ते त्या तर्काचे. ‘मले’, ‘तुले’ ही रूपे केवळ हशासाठी पेरलेली नसतात, आणि अनेक नकलाकारांहून ते वेगळे ठरतात ते येथेच.

परंतु या यशाला एक कुंपणही आहे. २०१६ मध्ये ‘माझ्या नवऱ्याची बायको’ ही मालिका आली आणि नागपूरकर राधिकेच्या तोंडी विदर्भाची बोली प्रथमच इतक्या ठळकपणे नायिकेची झाली. ती भूमिका अनिता दाते यांनी समरसून केली, त्या नाशिकच्या. वऱ्हाडात वाढलेल्या नटाच्या वाट्याला ती बोली बहुतेक वेळा विनोदी दुय्यम पात्रांतूनच आली. दोष नायिकेचा नव्हे. वऱ्हाडी नायकाने गंभीर दुःख वऱ्हाडीतच सांगावे, एवढा धीर वाहिन्यांनी क्वचितच दाखवला.

‘चला हवा येऊ द्या’ २०२४ मध्ये थांबला. २०२५ मध्ये नव्या सूत्रसंचालकासह तो पुन्हा सुरू झाला, तेव्हा जुन्या मंडळींतले जे मोजके परतले त्यांत गणेशपुरे होते.